एका लाँचरमध्ये चालतो, दुसऱ्यात अडतो: गेमपॅडचं परत परत येणारं दुखणं

"काका, गाडी आपोआपच डावीकडं जाऊन राह्यली."

पुतण्याचं हे वाक्य मी गेल्या उन्हाळ्यापासून इतक्यांदा ऐकलंय, की आता तो दुकानाच्या पायरीवर पॅड, म्हणजे गेम खेळायचा कंट्रोलर, हातात घेऊन दिसला तरी पुढचं कळतं. कधी गेममधली गाडी डावीकडे ओढते, कधी एकदा दाबलेलं बटण दोनदा लागतं, कधी गेमला पॅड दिसतच नाही. मी तासभर बसून नीट करतो. चार-आठ दिवस बरे जातात. मग एखाद्या संध्याकाळी लाइट जाऊन येते आणि पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

आमचं गाव घाटंजी तालुक्यातलं. माझं दुकान झेरॉक्स, ऑनलाइन फॉर्म आणि सातबाऱ्याच्या प्रिंटांचं. कॉम्प्युटर दिवसा गावाचा, रात्री आठनंतर पुतण्याचा. गेमसाठी वेगळे पैसे काढायची आमची ऐपत नाही, म्हणून जिथे स्वस्त तिथे आम्ही. एपिकवर गुरुवारी रात्री जो फुकट मिळतो तो, स्टीमवर सेलमध्ये घेतलेले दोन-तीन, जीओजीवरचे काही जुने, आणि मध्ये एक महिना एक्सबॉक्सचा गेम पास. म्हणजे गेम उतरवून सुरू करून देणारे प्रोग्राम, लाँचर, चार आणि पॅड एकच. सगळी भानगड इथेच आहे. पण हे कळायला मला दोन पॅड लागले. पहिला खराब समजून परत पाठवला. कुरिअर गावात येत नाही, त्यामुळे घाटंजीच्या दोन चकरा झाल्या. बदली आलेला दुसराही हुबेहूब तसाच वागायला लागला, तेव्हा म्हटलं, राजेहो, दोन्ही पॅडांना एकच रोग कसा होईल?

बहुतेक रोग पॅडला नव्हताच. डावीकडे ओढणाऱ्या गाडीचं तेवढं वेगळं निघालं, ते शेवटी सांगतो. विंडोजमध्ये पॅड गेमशी दोन भाषांत बोलू शकतो. जुनी डायरेक्टइनपुट. नवी एक्सइनपुट, जी २००५ च्या एक्सबॉक्स ३६० च्या काळात आली. आजचे बहुतेक गेम दुसरी भाषा समजतात, काही जुने पहिलीच समजतात, काहींना दोन्ही येतात. शिवाय स्टीमचं स्वतःचं एक भाषांतर खातं आहे, स्टीम इनपुट नावाचं. ते मधे बसून पॅडचं बोलणं ऐकतं आणि गेमला आपल्या पद्धतीने सांगतं. वर कोणी प्लेस्टेशनच्या पॅडसाठी डीएस४विंडोज नावाचा प्रोग्राम टाकलेला असला, तर तोही तेच काम करतो. डवऱ्याच्या बैलांचा कासरा दोघांनी धरला तर तास सरळ निघत नाही, आणि कोणीच धरला नाही तर बैल धुऱ्यावर चरायला जातात. पॅडचं तेच आहे. एका गेमला एकच दुभाषी हवा. बटण दोनदा लागतंय म्हणजे दोघं बोलतायत. पॅड दिसतच नाही म्हणजे कोणीच बोलत नाही.

आता कामाला लागू. आधी सगळे लाँचर बंद करा. खिडकीच्या फुलीवर दाबून स्टीम बंद होत नाही, तो खाली घड्याळाजवळ बसून राहतो. तिथल्या चिन्हावर उजवं क्लिक करून एक्झिट करा. एपिकचंही तसंच. मग विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा, छोट्या चौकटीत जॉय डॉट सीपीएल टाइप करून एंटर मारा. हे इंग्रजी लिपीतच लिहायचं, तिसरं अक्षर वाय, मधे टिंब. विंडोजला दिसणाऱ्या पॅडांची यादी उघडते. आमच्या पॅडचं नाव तिथे एक्सबॉक्स ३६० असं आलं तर पॅड एक्स मोडमध्ये आहे, म्हणजे एक्सइनपुट बोलतोय. भलतंच काही नाव आलं, तर बहुधा डी मोडमध्ये, म्हणजे डायरेक्टइनपुटवर. यादीत दोन नावं दिसली आणि पॅड एकच असला, तर दुसरं नाव कोणत्या प्रोग्रामने घुसवलं ते शोधा.

नाव निवडून प्रॉपर्टीज उघडा आणि एकेक बटण दाबून बघा. इथे एक गोष्ट आधीच सांगतो, कारण याच्यापायी मी एक अख्खी रात्र घालवली. एक्स मोडमध्ये या खिडकीत डावा आणि उजवा ट्रिगर (पहिल्या बोटांनी खेचायची बटणं) मिळून एकच पट्टी हलते, आणि दोन्ही एकदम दाबले तर ती मधेच थांबते. हा बिघाड नाही. ही खिडकी जुन्या भाषेत विचारते, आणि त्या भाषेत या पॅडचे दोन ट्रिगर एकाच अक्षावर बसवलेले असतात. गेममध्ये ते वेगळेच लागतात. मी मात्र त्या रात्री स्क्रू ड्रायव्हर घेऊन पॅड उघडून बसलो होतो.

इथे सगळी बटणं नीट लागली तर बटणांचं हार्डवेअर ठीक आहे, यापुढे त्यांना दोष देऊ नका. पॅड यादीतच नसेल तर आधी केबल बदला. मोबाइलच्या चार्जरसोबत आलेल्या काही केबलींत फक्त वीज जाते, डेटाच्या तारा नसतातच. पॅडचा दिवा लागतो, चार्ज होतो, पण कॉम्प्युटरला त्याचा पत्ता लागत नाही. दुकानात पडलेल्या सात केबलींपैकी तीन अशा निघाल्या. त्यांना मी लाल चिकटपट्टी गुंडाळून ठेवली आहे.

मोड बदलायची रीत पॅडागणिक वेगळी. आमच्यावर मधलं गोल बटण चार-पाच सेकंद दाबून धरलं की दिवे बदलतात. कुठे मागच्या बाजूला एक्स आणि डी लिहिलेला बारीक खटका असतो. खोक्यातला कागद फेकला नसेल तर त्यावर दिव्यांचा तक्ता सापडेल. कॉम्प्युटरवर खेळायचं असेल तर एक्स मोडच धरा. डी मोड फक्त एखाद्या हट्टी जुन्या गेमपुरता.

पॅड एक्स मोडमध्ये आला, आता स्टीम उघडा. लायब्ररीत गेमच्या नावावर उजवं क्लिक, प्रॉपर्टीज, मग कंट्रोलर. तिथे एक यादी येते: नेहमीचं सेटिंग, स्टीम इनपुट चालू, स्टीम इनपुट बंद. गेम स्वतःच पॅड समजत असेल आणि तुम्हाला बटणं बदलायची नसतील, तर त्या गेमपुरतं बंद करा. बटण दोनदा लागण्याच्या निम्म्या तक्रारी इथेच मिटतात. मी स्टीम इनपुट तीनच वेळी चालू करतो: गेम फक्त कीबोर्ड-माउसवर चालत असेल, पॅड प्लेस्टेशनचा असेल, किंवा बटणांची जागा खरंच बदलायची असेल. आणि तेव्हा डीएस४विंडोजसारखं दुसरं काही चालू ठेवत नाही. दोन्ही ठेवायचीच हौस असेल तर खरा पॅड गेमपासून लपवायला हिडहाइड नावाचा प्रोग्राम आहे. पण तिथवर जायची वेळ सहसा येत नाही.

एपिकच्या गेमची गोष्ट वेगळी. एपिकच्या लाँचरमध्ये बटणं बदलायची अशी सोय नाही. तो गेम सुरू करून देतो, पुढचं गेमचं गेमने बघावं. पॅड एक्स मोडमध्ये असला की बहुतेक गेम तसेच चालतात. गडबड होते ती मागे स्टीम उघडा असला की. स्टीमला हा गेम गेम आहे हेच माहीत नसतं, त्याच्या लेखी तुम्ही डेस्कटॉपवर आहात. आणि डेस्कटॉपसाठी स्टीमकडे पॅडचा एक वेगळा आराखडा असतो, ज्यात पॅड माउस आणि कीबोर्डसारखा वागतो. मग गेमला एकीकडून पॅडचं बटण पोचतं आणि दुसरीकडून कीबोर्डचं. हे ओळखायची खूण पक्की आहे: स्क्रीनवर जिथे 'पुढे जाण्यासाठी हे दाबा' असं चिन्ह येतं, ते क्षणात पॅडचं आणि क्षणात कीबोर्डचं असं लुकलुकतं. ते लुकलुकणं दिसलं की दुसरीकडे शोधूच नका. स्टीम एक्झिट करा, किंवा त्याच्या सेटिंग्जमध्ये कंट्रोलरच्या पानावर डेस्कटॉप लेआउट शोधून तो रिकामा करा.

या डेस्कटॉप लेआउटने माझी एकदा चांगलीच फजिती केली, म्हणजे चूक माझीच. सकाळी दुकान उघडलं, पॅड रात्री चालूच राहिलेला, त्यावर मी पावती बुक ठेवलेलं. एक बाबाजी पीक विम्याचा फॉर्म भरायला आले. मी गट नंबर लिहिला, मग पिकाच्या यादीत कापूस निवडला आणि कागद बघायला वळलो. यादी अजून निवडलेलीच होती. पावती बुकाच्या वजनाखाली पॅडचं बाणाचं बटण दबत होतं, आणि कापूस हळूच खाली सरकून तुरीवर जाऊन बसला. नशीब, बाबाजींना वाचता येत होतं. प्रिंट हातात घेऊन म्हणाले, "म्या त कापूस सांगतला होता भाऊ, हे तूर कुठून आली?" तेव्हापासून रात्री पॅड बंद करून गल्ल्यात ठेवायचा, हा घरचा नियम आहे. पुतण्याला नियम मान्य नाही, पण गल्ल्याची किल्ली माझ्याकडे आहे.

एपिकच्या किंवा जीओजीच्या गेमला बटणं बदलूनच हवी असतील तर स्टीमची मदत घेता येते. स्टीममध्ये वर गेम्सचा मेनू आहे, त्यात 'नॉन-स्टीम गेम' जोडायचा पर्याय मिळतो. तिथे गेमची मूळ ईएक्सई फाइल दाखवायची. डेस्कटॉपवरचा शॉर्टकट दाखवून उपयोग नाही. एपिकचा शॉर्टकट हा नुसता एपिकला मारलेला निरोप असतो, त्यामागे स्टीमला धरायला काही उरत नाही. गेम सुरू झाला की शिफ्ट आणि टॅब दाबून बघा. स्टीमचा पडदा गेमवर आला तर स्टीम आत पोचला, बटणांचा आराखडा चालेल. नाही आला, तर आराखड्यात तासभर बोटं घालून काही होणार नाही. जीओजीच्या गेमला लाँचरची गरज नसते, त्यामुळे त्यांची फाइल थेट चालते आणि हे काम पहिल्या फटक्यात जमतं. एपिकचे काही गेम मात्र ईएक्सई चालवली की आधी एपिकला उठवतात, मग एपिक गेमला नव्याने सुरू करतो, आणि स्टीमच्या हातून दोरी सुटते. त्याला तोड अशी, की एपिक खालच्या पट्टीतून पूर्ण बंद करायचा, एपिकचा लाँचरच स्टीममध्ये नॉन-स्टीम गेम म्हणून जोडायचा, स्टीममधून तो उघडायचा आणि त्यातून गेम. एपिक आधीपासून मागे चालू असेल तर हे चालत नाही, म्हणून पूर्ण बंद करणं महत्त्वाचं. तोटा एकच, एपिकच्या सगळ्या गेमना मग तोच एक आराखडा लागतो. आम्ही त्यात गाड्यांचाच ठेवला आहे.

कोणताही गेम तुम्ही ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवत असाल तर स्टीमही तसाच चालवा. नाहीतर वरच्या दर्जाच्या खिडकीत स्टीमचं बटण पोचत नाही. आणि गेम पासचे गेम? त्यांच्यात स्टीमला सहजी शिरकाव नाही. पण ते एक्सबॉक्सचेच, त्यामुळे एक्स मोडचा पॅड निमूट घेतात. तिथे जोडाजोडीच्या नादी लागू नका.

मग बटणं बदलायची कुठे? माझं मत विचाराल तर, चार लाँचरवाल्याने ती पॅडमध्येच बदलावी. ज्या पॅडला स्वतःचं सॉफ्टवेअर आहे, किंवा दोन बटणं दाबून धरून मागच्या पॅडलना (पॅडच्या पाठीवरच्या जादा बटणांना) काम नेमून देता येतं, तो बदल बऱ्याच पॅडांत पॅडच्याच मेमरीत राहतो. कॉम्प्युटर बदला, लाँचर बदला, तो सोबत येतो. मर्यादा अशी की एक्सइनपुटच्या यादीत जादा बटणांना जागाच नाही. त्यामुळे मागचं पॅडल ए, बी, एक्स, वाय अशा कुठल्या तरी जुन्याच बटणाची नक्कल करू शकतं, नवीन वेगळं बटण होऊ शकत नाही. जाहिरातीत मागची चार बटणं बघून कोणी वेगळ्या चार कामांची स्वप्नं पाहत असेल, तर हे आधी समजून घ्या. गाड्यांच्या गेममध्ये मात्र हँडब्रेक मागच्या बोटाखाली आला की फार सोय होते. अंगठा स्टिकवरून, म्हणजे दिशा देणाऱ्या दांडीवरून, उचलावा लागत नाही.

आणि टर्बो. पॅडवर टर्बो लिहिलेलं बटण असेल आणि एखादं बटण स्वतःहून धडाधडा लागत असेल, तर खेळता खेळता टर्बो धरून ते बटण दाबलं गेलेलं असतं. तसंच पुन्हा दाबून ते काढा. पुतण्याने आठवडाभर 'पॅडात भूत आहे' म्हणून घर डोक्यावर घेतलं होतं, ते भूत असं निघालं.

आता मुख्य प्रश्न. नीट केलेलं पुन्हा का बिघडतं? आमच्याकडे उत्तर लाइटमध्ये आहे. लाइट गेली की इन्व्हर्टर लागतो, पण घरगुती इन्व्हर्टरला पालटायला जो क्षणभर वेळ लागतो तेवढ्यात कॉम्प्युटर बंद होऊन पुन्हा सुरू होतो. सुरू होताना स्टीम आपोआप उठतो, कारण विंडोजबरोबर सुरू होण्याची खूण तशीच राहिलेली. पॅडचं जोडणं तुटलेलं असतं, तो पुन्हा जोडला जाताना कधी आपल्या मूळ मोडमध्ये जातो. वर पुतण्या घाईत डोंगल, म्हणजे वायरलेस पॅडचा यूएसबीत लावायचा छोटा तुकडा, दुसऱ्याच भोकात खुपसतो. म्हणजे मी आठ दिवसांपूर्वी जे तीन धागे जुळवले होते, ते तिन्ही एका मिनिटात सुटतात, आणि रोज नवा रोग आल्यासारखा वाटतो.

उपाय तीन, तिन्ही फुकट. इन्व्हर्टरच्या मागे यूपीएस आणि नॉर्मल असा खटका असेल तर तो यूपीएसवर करा, पालटायचा वेळ कमी होतो आणि कॉम्प्युटर तग धरतो. टास्क मॅनेजरमध्ये स्टार्टअपच्या पानावर स्टीम आणि एपिक दोन्ही डिसेबल करा, म्हणजे ज्याची गरज तोच उठेल. आणि डोंगलची जागा कायम ठरवा. आमच्या सीपीयूवर त्या भोकाशेजारी नेलपॉलिशचा ठिपका आहे, घरून बायकोची बाटली आणली होती. अजून परत केलेली नाही.

डोंगलसाठी निळं भोक टाळा. निळं म्हणजे सहसा यूएसबी ३.०. त्याचा गोंगाट २.४ गिगाहर्ट्झच्या वायरलेसमध्ये मिसळतो. इंटेलने २०१२ मध्येच हे मोजून मांडलं होतं. पॅड हाताच्या अंतरावर असूनही मधेच सुटत असेल, विशेषतः शेजारच्या भोकात पेन ड्राइव्ह किंवा हार्ड डिस्क चालू असताना, तर डोंगल काळ्या भोकात लावा किंवा छोट्या एक्स्टेन्शन केबलने थोडा लांब आणा. आमचा प्रिंटर आणि डोंगल शेजारी होते, आणि प्रिंट निघाली की गाडी खड्ड्यात जायची. थोडा वेळ हात न लावता ठेवलेला पॅड झोपून उठत नसेल तर डिव्हाइस मॅनेजरमध्ये यूएसबी रूट हबच्या प्रॉपर्टीजमध्ये वीज वाचवण्यासाठी हे उपकरण बंद करायची जी परवानगी आहे, तिची खूण काढा.

तान्ह्या पोळ्याला मामाची पोरं आली होती, त्यांनी आपला पॅड आणला. दोन पॅड लागले, पण आमचा पुतण्या दुसऱ्या नंबरचा खेळाडू झाला आणि एकट्याने खेळायच्या गेममध्ये त्याचं काही हलेना. एक्सइनपुटमध्ये चार जागा असतात, आणि बरेच गेम फक्त पहिल्या जागेवरच्याचं ऐकतात. सगळे पॅड काढा, खेळणाऱ्याचा आधी लावा, मग बाकीचे. पाहुणे गेल्यावरही त्रास राहिला तर जॉय डॉट सीपीएलच्या यादीत कोणी आभासी पॅड पहिली जागा अडवून बसलाय का बघा.

आणि ती डावीकडे ओढणारी गाडी? तिचं कारण सगळ्यात शेवटी सापडलं, कारण मी ते सगळ्यात शेवटी तपासलं. जॉय डॉट सीपीएलमध्ये हात न लावताही अधिक चिन्ह मधोमध बसत नव्हतं, जरा डाव्या अंगाला होतं. स्टिकची मधली जागा सुटली होती. स्टिकचा आकडा मधल्या शून्यापासून दोन्ही बाजूंना ३२ हजारांच्या पुढे जातो, आणि मायक्रोसॉफ्टने डाव्या स्टिकसाठी ७८४९ पर्यंतचा आकडा हालचाल मानू नये असं सुचवलेलं आहे, उजवीसाठी ८६८९. म्हणजे जवळपास चौथा हिस्सा. पण प्रत्येक गेम तेवढी सूट देतोच असं नाही, म्हणून तोच पॅड एका गेममध्ये सरळ चालतो आणि दुसऱ्यात गाडी धुऱ्याला लावतो. गेमच्या सेटिंग्जमध्ये डेडझोन, म्हणजे हीच सूट, असेल तर आधी थोडाच वाढवा, गाडी सरळ झाली की थांबा. फार वाढवला तर बारीक वळण लागत नाही. जॉय डॉट सीपीएलमधलं कॅलिब्रेशन मात्र एक्सइनपुटच्या गेमला पोचत नाही, तिथे वेळ घालवू नका.

डेडझोनने भागेना तेव्हा पॅड उघडला. स्टिकच्या बुडाशी रुई बसली होती. दुकान जिनिंगच्या रस्त्यावर आहे, दिवाळीपासून मार्चपर्यंत कापसाच्या गाड्या दारावरून जातात, आणि पंख्याच्या पात्यावर बसते तीच रुई पॅडातही शिरते. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये बुडवलेल्या कानकाडीने पुसलं, वाळू दिलं, जोडलं. गाडी पुष्कळ सरळ झाली, पूर्ण नाही. आतली घासणारी पट्टी झिजलीच असेल तर ती पुसून परत येत नाही. पुढचा पॅड हॉल इफेक्टच्या स्टिकचा घ्यायचं ठरलंय, त्यात चुंबकावर मोजणी होते, घासायला काही नसतं. पैसे तूर विकल्यावर.